आभाळातल्या जादूच्या उजेडाला काय म्हणावे?

वाशीच्या एका लेखिका कुमारवयीन वाचकांसाठी कल्पित जगावरची कादंबरी लिहीत आहेत. त्या जगात सुगी संपल्यावर काही रात्री डोंगरामागून हिरवानिळा उजेड उभ्या घड्यांनी खाली उतरतो, आणि त्यात उभ्या राहिलेल्या माणसाची सावली माणूस निघून गेला तरी घटकाभर जागीच राहते. या उजेडाला ‘जादुई प्रकाशप्रपात’ म्हणावे, ‘मायाज्योती’ म्हणावे की ध्रुवांजवळच्या आकाशात खरोखर दिसणाऱ्या रंगीत उजेडाचे नाव उचलून सरळ ‘अरोरा’ म्हणावे, असा त्यांचा प्रश्न आहे.

प्रथम ‘जादुई’ या विशेषणाविषयी. ते हिंदीतून आलेले आहे आणि आता रुळलेही आहे. परंतु मराठीची स्वाभाविक ठेवण ‘जादूचा दिवा’, ‘जादूची छडी’ अशी आहे. त्याहून महत्त्वाचे असे की, ज्या लोकांच्या डोक्यावर हा उजेड दर वर्षी उतरतो, ते त्याला जादूचा म्हणणारच नाहीत, जसे आपण पावसाला ‘आश्चर्यकारक पाऊस’ म्हणत नाही. उरलेल्या दोन नावांपैकी ‘मायाज्योती’ मी घरी मोठ्याने वाचून दाखवले, तेव्हा माझ्या दहा वर्षांच्या पुतणीने ‘या दोघी कोण?’ असे विचारले. आणि ‘अरोरा’ हे तर आपल्याकडे शेजारच्या बिऱ्हाडाच्या दारावरच्या पाटीवर असते.

वास्तविक ‘अरोरा’ हा शब्द आपल्याला परका नाही. रोमन लोकांची ती पहाटेची देवता, आणि तिचे नाव व वैदिक ‘उषस्’ ही एकाच मूळ धातूची अपत्ये आहेत. मात्र आकाशातल्या त्या उजेडासाठी मराठीत बोलीतला शब्द नाही, याचे कारण भूगोलात आहे. ठाणे सुमारे १९ अंश उत्तर अक्षांशावर आहे, आणि सूर्याकडून आलेल्या विद्युत्भारित कणांमुळे वातावरणातला ऑक्सिजन हिरवा उजळतो तो ध्रुवांच्या आसपास, जमिनीपासून शंभरेक किलोमीटर उंचीवर. मे २०२४ मधील प्रचंड सौर वादळात लडाखमधील हान्ले येथून आकाशात लाल झाक टिपली गेली, ती दूर उत्तरेकडच्या त्या उजेडाचा बराच वरचा, तांबडा थर होता. जे आजोबा-पणजोबांनी पाहिलेच नाही, त्याला ते नाव कुठून देणार? म्हणून कोशकारांनी ‘ध्रुवीय प्रकाश’ ही संज्ञा घडवली; ती शास्त्राच्या पुस्तकात चोख आहे, पण कादंबरीतल्या जगाला ध्रुव आहेत की नाहीत हे आधी लेखिकेलाच ठरवावे लागेल.

जुन्या ग्रंथांत शोधायचे तर ज्योतिषी वराहमिहिराच्या बृहत्संहितेत, म्हणजे सहाव्या शतकात, ‘दिग्दाह’ नावाचे स्वतंत्र प्रकरण आहे. दिशा पेटल्यासारख्या दिसणे हा तो उत्पात, म्हणजे अशुभाची खूण. तो पिवळा असला तर राजाला भय, आणि अग्निवर्णाचा असला तर देशाचा नाश. आपल्या कादंबरीत कुणी राजपुरोहित असेल, तर त्याच्या तोंडी हा शब्द अवश्य घालावा. गुराखी मात्र ‘दिग्दाह’ म्हणणार नाही.

गुराख्याचा शब्द घडवायचा, तर आपल्या भाषेने आभाळातल्या गोष्टींना कशी नावे दिली ते पाहावे. उंच, विरळ ढगांतल्या बर्फाच्या स्फटिकांमुळे चंद्राभोवती २२ अंश त्रिज्येचे जे कडे दिसते, त्याला संस्कृतात ‘परिवेष’ म्हणतात. शेतकऱ्याने त्याला मळणीच्या गोल जागेचे नाव दिले आणि ‘चंद्राला खळे पडले’ असे म्हटले. धूमकेतू हे त्याच्या लेखी ‘शेंडेनक्षत्र’ झाले. वस्तू अंगणातली किंवा अंगावरची, आणि तिच्याबरोबर एक पक्के क्रियापद: मराठीत उजेड जगतो तो क्रियापदावर. ऊन पडते, उन्हे उतरतात, तांबडे फुटते, तिरीप येते, झुंजुमुंजू होते. म्हणून माझा आग्रह असा की आधी क्रियापद निवडावे. ‘प्रकाश पडणे’ तर चालणारच नाही, कारण तो डोक्यात पडतो. घड्यांमुळे ‘पदर’ सुचेल, पण ‘पदर येणे’ याचा जुना अर्थ मुलगी वयात येणे असा आहे, आणि ते वाचून एखादी आजी पुस्तक मिटून ठेवील.

मला ‘ओघळणे’ योग्य वाटते. पावसाळ्यात ठाण्याजवळच्या येऊरच्या चढावर तांबड्या मातीत पाण्याने कोरलेल्या उभ्या, वाकड्या रेघा आपण पाहिल्या असतील; त्या ओघळ. समईच्या कडेने उतरलेले तेल, गालावर सुकलेले अश्रू, यांचेही ओघळच. वरून खाली, संथ, उभ्या रेषांनी, आणि गेल्यावर मागे खूण ठेवून: आपल्या उजेडाचे वर्णन या एका शब्दात येते, सावली मागे राहण्यासकट. शिवाय आभाळ येते, निवळते, फाटते, कोसळते. या रांगेत ‘आभाळ ओघळले’ बिनबोभाट बसते.

नाम म्हणून नुसते ‘ओघळ’ पुल्लिंगी वापरावे: ‘आज ओघळ आहे’, ‘ओघळाखाली थांबू नकोस’. ‘प्रकाशप्रपाताखाली थांबू नकोस’ हे वाक्य पुरे होईपर्यंत मुलाची सावली गेलेली असेल. उजेड संपतो तेव्हा तो ‘विझला’ असे लिहू नये. घरातल्या दिव्यालाही आपण तसे म्हणायचे टाळतो आणि ‘मालवला’ म्हणतो. पण मालवायला कुणाचा तरी हात लागतो, म्हणून पुराप्रमाणे ओघळही ‘ओसरला’ असे म्हणावे. पहिल्यांदा शब्द येईल तिथे अवतरणचिन्हे किंवा खुलासा नको, एखाद्या म्हातारीने दारातून हाक मारली की पुरे: ‘अगं, आभाळ ओघळलंय, पोरांना आत घे, सावल्या राहतील बाहेर!’