मुलाला गँगस्टरचं वेड लागलंय, तो बिघडेल का?

"मॅडम, त्याच्या फोनवर कोलंबियाच्या त्या ड्रग माफिया एस्कोबारचा फोटो आहे. आमच्या घरात कुणी कुणावर हात उचलत नाही, मग हे आलं कुठून?" पंधरा वर्षांच्या मुलाची आई रडकुंडीला आली होती. ही काळजी घेऊन माझ्याकडे समुपदेशनाला बरेच पालक येतात. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत.)

मुलगा मात्र तयारीनं आला होता. अमेरिकन गँगस्टर अल कपोनला शिक्षा झाली ती खुनासाठी नाही, कर चुकवल्याबद्दल, १९३१ मध्ये, ११ वर्षांची, हे त्यानं बसता बसता ऐकवलं. बोलताना किंचित अडखळत होता.

'का आवडतं?' असं मी विचारत नाही, त्यावर मुलं ठरलेलं उत्तर देतात. पुन्हा पुन्हा बघावासा वाटणारा एक प्रसंग सांग, म्हटलं. "तो खोलीत येतो आणि सगळे गप्प बसतात."

गोळीबार नाही, पैसा नाही. हळूहळू कळलं, वर्गात त्याच्या अडखळण्याची नक्कल होते आणि घरी वडील पाहुण्यांसमोर त्याच्या मार्कांचा विषय काढतात. गप्प बसणारी खोली त्याला हवीशी वाटणारच!

मग आम्ही त्या खोलीत गप्प बसलेल्यांकडे वळलो. एस्कोबारनं गरिबांना घरं बांधून दिली, हे त्याला पाठ होतं. १९८९ मध्ये त्याच्या टोळीनं बॉम्बनं उडवलेल्या विमानात १०७ माणसं गेली, हेही ठाऊक होतं. ज्या नेत्याला मारायचं होतं तो विमानात नव्हताच, हे मी सांगितलं. तो बराच वेळ बोलला नाही.

आईला म्हटलं, हे आकर्षण जुनंच आहे. १९३४ मध्ये शिकागोत बँका लुटणाऱ्या डिलिंजरला सरकारी तपास अधिकाऱ्यांनी गोळ्या घातल्या, तेव्हा लोकांनी त्याच्या रक्तात रुमाल बुडवून घरी नेले. ते काही दरोडे घालत सुटले नाहीत. हां, मुलाकडे हिशेब न लागणारे पैसे दिसले, नाव न सांगण्याजोगे मोठे मित्र आले, दप्तरात चाकू सापडला किंवा दुबळ्याला छळण्यात त्याला मजा वाटू लागली, तर थांबू नका, लगेच या.

इथं तसं काही नव्हतं. स्पीच थेरपिस्टचं नाव दिलं, नकलेबद्दल वर्गशिक्षकांशी बोलायला सांगितलं आणि वडिलांना बोलावून घेतलं. त्यांचं म्हणणं, "मग मार्कांबद्दल बोलायचंच नाही का?"

बोला की. पाहुणे गेल्यावर.