डेटा बंद होता, तरी यांना कळलं कसं?

"ताई, रिक्षात बसायच्या आधीच मी सगळं बंद केलं होतं. डेटा, वायफाय, ते ब्लूटूथपण. तरी रात्री जेवताना हे म्हणाले, पंचवटीत काय काम काढलं होतंस?"

वैशाली हे सांगत होती तेव्हा तिचा फोन खोलीत नव्हता. पर्ससकट तो तिने बाहेर आमच्या समुपदेशन केंद्रातल्या मावशींकडे ठेवायला दिला होता. फोन ऐकतो, असं तिला वाटत होतं. (नाव बदललं आहे, ओळख पटेल असे तपशीलही. तिला विचारूनच लिहिते आहे.)

"नेट बंद केलं तरी फोन आपला ठावठिकाणा सांगतो का?" हा प्रश्न माझ्याकडे आता दर महिन्याला कुणी ना कुणी घेऊन येतं. कॉलेजच्या मुली असतात, सुना असतात. एकदा एक निवृत्त गृहस्थ आले होते. परदेशातला मुलगा त्यांना फोन करून विचारायचा, "बाबा, आज बँकेत दोन तास काय करत होतात?" मुलगा काळजीनेच विचारत होता, पण गृहस्थांनी बँकेत जाणंच सोडलं होतं.

वैशालीचं प्रकरण सांगते, कारण त्यात मी स्वतः आधी चुकले.

ती चौतीस वर्षांची. नवऱ्याचं नाशिकमध्येच हार्डवेअरचं दुकान. सख्खी बहीण पंचवटीत राहते. एका जागेच्या व्यवहारावरून दोन घरांचं बिनसलं आणि नवऱ्याने तिकडचं जाणं-येणं तोडलं. वैशाली पंधरा दिवसांतून एकदा, भाजी आणायच्या निमित्ताने, तास-दोन तास बहिणीकडे जाऊन यायची. तीनदा पकडली गेली. पहिल्यांदा तिला वाटलं, दुकानातला पोऱ्या मागावर असणार. दुसऱ्यांदा संशय शेजारच्या काकूंवर गेला. तिसऱ्यांदा तिने ठरवलं की नवऱ्याने फोनमध्ये काहीतरी "बसवलंय". काकूंशी बोलणं तिने तोवर बंद केलं होतं. तिच्या मुलीला शाळा सुटल्यावर सांभाळणारं दुसरं कुणी नव्हतं, तरीही.

त्या दिवशीच्या माझ्या टिपणात मी लिहिलंय, "संशय वाढलेला, झोप कमी." डेटा बंद असेल तर फोन मुका, अशी माझी पक्की समजूत होती. मग बाईला भीतीपोटी काहीबाही वाटतंय, असा माझा सरळ हिशेब. तास संपेपर्यंत मी तिच्या झोपेबद्दल विचारत बसले.

दुसऱ्या भेटीत तिच्या बोलण्यातली एक गोष्ट खटकली. नवरा विचारायचा तो नेहमी रात्री. नऊनंतर. पाळतीवर माणूस असता किंवा काकूंनी चुगली केली असती, तर तो दुपारीच फोन करून ओरडला असता. तसा स्वभावच होता त्याचा. मग रात्रीपर्यंत थांबायचा का?

"संध्याकाळी घरी आल्यावर तू फोनचं काय करतेस?"

"काही नाही. वायफाय लावते. मुलीला कार्टून बघायचं असतं."

मी मावशींकडून तिचा फोन मागवला. ती जरा नाराजीनेच हो म्हणाली. बहिणीकडे गेल्यावर काय काय करतेस, असं विचारल्यावर तिने आपल्या हातानेच फोटो उघडले. भाच्याचं गॅदरिंग होतं, डोक्यावर फेटा बांधलेला, एक दात पडलेला. गोड पोरगं. मी म्हटलं, हा फोटो बोटाने वर सरकव. तिने सरकवला. खाली तारीख आली, वेळ आली, दुपारी ३.४२, आणि त्याखाली छोटासा नकाशा. काळाराम मंदिरामागची गल्ली त्यात स्पष्ट दिसत होती.

"पण नेट बंद होतं ताई!"

इथेच बहुतेकांची गल्लत होते, माझीही झाली होती. आपण कुठे आहोत हे कळण्यासाठी फोनला नेट लागत नाही. वीस हजार किलोमीटरवरून जीपीएसचे उपग्रह सारखे संकेत पाठवत असतात, फोन ते फक्त ऐकतो आणि त्यावरून आपली जागा मांडतो. घरातल्या रेडिओसारखं आहे हे. रेडिओ कोण ऐकतंय ते आकाशवाणीला कळत नाही, तसं उपग्रहालाही कळत नाही. पण ऐकणाऱ्याला तर ऐकू येतंच ना. कॅमेऱ्यात लोकेशनची सोय चालू असेल तर फोन ती जागा फोटोच्या पोटात लिहून ठेवतो. डेटा बंद करून वैशालीने पाठवणं थांबवलं होतं, लिहिणं नाही. संध्याकाळी वायफाय लागलं की दिवसभरात लिहिलेलं सगळं एकदम वर जात होतं.

वर म्हणजे कुठे, हा पुढचा प्रश्न. मला जास्त महत्त्वाचा वाटतो तो हाच.

"फोन कुणी घेऊन दिला?"

"यांनीच. जीमेलपण यांनीच काढून दिलं. पासवर्ड मला माहीत नाही. कधी लागलाच नाही."

फोटो वर जात होते ते तिच्या गूगल खात्यात, आणि ते खातं जिथे उघडलेलं असेल तिथे दिसू शकत होते. खात्याच्या सेटिंगमध्ये, हे खातं कोणकोणत्या फोनवर उघडलेलं आहे, त्याची यादी मिळते. वैशालीच्या यादीत दोन फोन होते. एक तिच्या हातात होता. दुसऱ्याचं नाव वाचून ती म्हणाली, "हा तर यांचा जुना फोन. दुकानातल्या ड्रॉवरमध्ये असतो. गाणी ऐकतात त्याच्यावर."

मला वाटलं, आता रडेल. ती हसली. म्हणाली, "म्हणजे काकूंनी काही सांगितलंच नव्हतं?"

तिचं हे वाक्य मी विसरू शकत नाही. सहा महिने तिने एका म्हाताऱ्या बाईशी अबोला धरला होता, एका ड्रॉवरमधल्या फोनमुळे.

आता मूळ प्रश्नाचं उत्तर, जेवढं मला नीट समजलंय तेवढं. डेटा आणि वायफाय दोन्ही बंद केलं तरी फोन चालू आहे तोवर तो मोबाइल टॉवरशी बोलत असतो. त्यावरून तुम्ही साधारण कुठल्या भागात आहात हे कंपनीला कळतं. ती माहिती पोलिसांना रीतसर मागता येते. नवऱ्याला, सासऱ्याला किंवा भावाला नाही. फ्लाइट मोड लावला की टॉवरशी बोलणं थांबतं, पण जीपीएसचं ऐकणं थांबेलच असं नाही. आयफोनवर तर २०१५ पासून फ्लाइट मोडमध्येही जीपीएस चालू राहतं. अँड्रॉइडमध्ये आणखी एक खुबी आहे. वरून खाली ओढायच्या पट्टीतून वायफाय बंद केलं तरी लोकेशन सर्व्हिसेसमधलं "वायफाय स्कॅनिंग" आणि "ब्लूटूथ स्कॅनिंग" वेगळं चालू असू शकतं. फोन कुठल्याही वायफायला जोडला जात नाही, पण आजूबाजूला कुणाकुणाचे राउटर आहेत ते हेरतो आणि त्यावरून गल्ली ओळखतो. ही दोन बटणं सेटिंगमध्ये आत जाऊन बंद करावी लागतात. आयफोनच्या कंट्रोल सेंटरमधून वायफाय बंद केलं तर ते फक्त तेवढ्यापुरतं सुटतं, पहाटे पाचला आपलं आपण पुन्हा चालू होतं. खरोखर बंद करायचं तर सेटिंगमध्येच जावं लागतं. आणि मॅप्समध्ये कुणी लोकेशन शेअरिंग लावून ठेवलं असेल, तर डेटा बंद केल्यावर समोरच्याला तुमची शेवटची जागा आणि ती किती वेळापूर्वीची आहे हे दिसत राहतं. रविवार कारंजावर फोन गप्प झाला आणि दोन तासांनी तिथेच जागा झाला, की संशयी माणसाला आणखी काय हवं?

नेमका याच्या उलट माणूसही माझ्याकडे आला होता. पुण्याच्या कंपनीत नोकरी, घरून काम, वय सव्वीस. रात्री तो फोन स्टीलच्या डब्यात ठेवायचा, संकेत अडतील म्हणून. त्याला सगळं पाठ होतं. लोकेशन बंद असताना, अगदी सिम नसतानाही अँड्रॉइड फोन जवळच्या टॉवरची माहिती नेट मिळताच गूगलकडे पाठवत होते, हे नोव्हेंबर २०१७ मध्ये उघड झालं. मग गूगलने ते थांबवतो म्हणून सांगितलं. लोकेशन हिस्टरी, म्हणजे आपण कुठे कुठे गेलो याची गूगलकडची नोंद, बंद केली तरी दुसऱ्या एका सेटिंगमधून जागा नोंदली जाते, हे २०१८ मध्ये बाहेर आलं. त्यावरून २०२२ मध्ये अमेरिकेतल्या ४० राज्यांशी ३९.१५ कोटी डॉलरची तडजोड झाली. यातलं एकही चूक नव्हतं. मी त्याला म्हटलं, डबा घेऊन या. झाकण लावलं आणि माझ्या फोनवरून त्याला रिंग दिली. डब्यात फोन खणखणीत वाजला. आम्ही दोघंही हसलो, आणि मग पहिल्यांदा तो झोपेबद्दल बोलला. त्याची भीती गूगलसारख्या कंपनीची होती, वैशालीची भीती घरातल्या माणसाची. दोघांचा प्रश्न शब्दशः एकच होता. म्हणून हल्ली मी फोनबद्दल बोलण्याआधी विचारते, "कुणाला कळेल म्हणून भीती वाटते?"

वैशालीला मी त्या दिवशी काय करू नकोस हे आधी सांगितलं. पासवर्ड बदलू नकोस, तो दुसरा फोन यादीतून काढू नकोस, लोकेशन एकदम बंद करू नकोस. ऐकायला उलटं वाटतं. पण जो माणूस रोज बघतोय, त्याला एके रात्री काहीच दिसलं नाही की तो गप्प बसत नाही. एकदा त्याने ताट भिरकावलं होतं, हे तिने तिसऱ्या भेटीत सांगितलं, तेही घाईघाईत, दारापाशी उभं राहून. आणखी एक सांगितलं, की "लोकेशन कसं बंद करायचं" वगैरे या फोनवर शोधूच नकोस. खातं तेच, तर शोधलेलंही तिकडे दिसू शकतं. त्यासाठी आमच्या केंद्रातला कॉम्प्युटर आहे.

त्या दिवशी एकच गोष्ट बदलली, कॅमेऱ्यातलं लोकेशन बंद. ते त्याच्या लक्षात येणं अवघड होतं. पुढच्या पंधरवड्यात बहिणीच्या फोनवर वैशालीचं स्वतःचं नवं खातं काढलं, पासवर्ड तिचा तिने ठरवला. आधार, दहावीची मार्कशीट, पासबुक यांचे फोटो तिथे गेले. व्हॉट्सॲपच्या लिंक्ड डिव्हाइसेसमध्ये पाहिलं, तिथे दुसरं काही जोडलेलं नव्हतं. एवढं झाल्यावर मी तिला कायद्याचं सांगितलं. कौटुंबिक हिंसाचाराच्या २००५ च्या कायद्यात भावनिक छळही येतो, संरक्षण अधिकाऱ्याकडे जाता येतं, १८१ ही महिलांची हेल्पलाइन आहे. खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे, असं सुप्रीम कोर्टाच्या नऊ न्यायाधीशांनी २०१७ मध्ये एकमताने सांगितलंय, हेही सांगितलं. तिने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "मला केस नाही करायची ताई. मला फक्त बहिणीकडे जायचंय." तिच्या इच्छेपुढे मी माझी इच्छा रेटली नाही.

दीड महिन्याने, एका रविवारी, बहीण आणि भावोजी समोर बसलेले असताना तिने नवऱ्याला सांगितलं, दुकानातल्या फोनवरून माझं खातं काढा. तो म्हणाला, नवऱ्यापासून काय लपवायचंय तुला? मोठा तमाशा झाला. ती आठ दिवस बहिणीकडे राहिली. भावोजींनी मध्ये पडून खातं काढून घेतलं.

नंतर तो एकदा केंद्रात आला. मी त्याला एकट्यालाच भेटले. अशा प्रकरणात दोघांना एकत्र बसवायची घाई मी करत नाही. वीस मिनिटं बसला. काळजी वाटते म्हणून बघायचो, म्हणाला. मी विचारलं, काळजी होती तर दुपारी लगेच फोन का नाही केलात, रात्रीच्या जेवणापर्यंत का थांबलात? त्याने चहाचा कप उचलला, खाली ठेवला. उत्तर दिलं नाही. पुढच्या भेटीची तारीख दिली होती, त्या दिवशी आला नाही.

वैशाली मात्र येते, महिन्यातून एकदा. परवा आली तेव्हा फोन टेबलावर होता. बसल्या बसल्या तिने बहिणीला व्हॉट्सॲपवर लाइव्ह लोकेशन पाठवलं, एक तासाचं. "निघाले की तिला दिसेल, ती चहा टाकते," म्हणाली. मुलगी कुठे आहे विचारलं तर म्हणे काकूंकडे.

"काकूंना सांगितलंस का, तेव्हा का बोलत नव्हतीस ते?"

"अजून नाही. आधी कैरीचं लोणचं देऊन येते, मग बघू."