भागीदाराने माझी खोटी सही करून बस दुसऱ्याच्या नावावर केली. थेट हायकोर्टात याचिका करता येईल का?

करता येईल, पण बहुधा हात हलवत परत याल. सही खरी की खोटी, पैसे पोचले की नाही, हे साक्षीपुराव्याचे वाद. रिट याचिकेत (सरकारी यंत्रणेविरुद्ध थेट हायकोर्टात केलेल्या याचिकेत) न्यायालय सहसा त्यात शिरत नाही, दिवाणी न्यायालयाकडे बोट दाखवते.

आधी आरटीओकडे जा. मोटार वाहन कायदा, 1988 च्या कलम 50 खालच्या हस्तांतरणाविरुद्ध कलम 57 प्रमाणे अपील होते, मुदत आदेश कळल्यापासून 30 दिवस. फॉर्म 29 आणि 30 (वाहन दुसऱ्याच्या नावावर करण्याचे अर्ज) यांच्या प्रमाणित प्रती मागवा, सगळी मेख त्या सह्यांत असते. बोगस सहीची पोलीस तक्रारही लगेच द्या. कर्ज बाकी असेल तर फायनान्सवाल्याच्या संमतीशिवाय नाव बदललेच कसे, हा प्रश्न वेगळा उभा राहतो.

बसच्या बाबतीत लोक परमिट, म्हणजे वाहतुकीचा परवाना, विसरतात. आरसीवर (नोंदणी प्रमाणपत्रावर) नाव चढले म्हणजे परमिट आपोआप जात नाही. कलम 82 नुसार त्याला परिवहन प्राधिकरणाची परवानगी लागते. तिथे आजच लेखी हरकत नोंदवा.

अपील करूनही काही हालले नाही, किंवा तुम्हाला न ऐकताच आदेश झाला असेल, तर मात्र राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली हायकोर्ट.