ड्रिंक अँड ड्राइव्हचा दंड १० हजार, मग एवढा बाऊ कशाला?

प्रश्न असा विचारलाय: "दारू पिऊन गाडी चालवली तर दंड १० हजार, तो भरला की विषय संपतो. सरकारी आकड्यांत पण दारूमुळे मेलेले दोन-तीन टक्केच दिसतात. मी स्वतः दोन पेग मारून कितीतरी वर्षं चालवतोय, काही झालं नाही. मग खरंच एवढं नुकसान होतं का?"

मी सांगली जिल्ह्यात एका वकिलांकडे कारकून आहे, चौदा वर्षं झाली. साहेबांकडं मुख्य काम मोटार अपघाताच्या क्लेमचं. म्हणजे मेलेल्या माणसाची किंमत किती हा हिशोब मी रोज टाईप करतो, त्यामुळं या प्रश्नाचं उत्तर मला जरा जवळून माहितीय. आणि आधीच सांगतो, मी काही माळकरी नाही, कधीमधी घेतो, त्यामुळं प्रवचन नाही देणार.

आधी ते १० हजार. मोटार वाहन कायद्याच्या कलम १८५ मध्ये पहिल्यांदा सापडलात तर ६ महिन्यांपर्यंत कैद किंवा १० हजार दंड किंवा दोन्ही, परत सापडलात तर २ वर्षांपर्यंत कैद किंवा १५ हजार किंवा दोन्ही असं आहे. २०१९ च्या आधी तर पहिल्या वेळेचा दंड २ हजारांपर्यंतच होता. पण हे सगळं कधी, तर नाक्यावर फुंकायला लावून पकडलं आणि कुणाला काही झालेलं नाही तेव्हा. कुणाला धडकलात की हा दंड चिल्लर वाटतो.

एक केस सांगतो. नावगाव सांगत नाही. २०१८ चा मे महिना, लग्नसराई. माणूस ३८ वर्षांचा, चार म्हशी, पहाटे धारा काढून गाडीला दोन्ही बाजूला किटल्या अडकवून डेअरीला निघालेला, साडेपाच वाजले असतील. समोरनं पिकअप आला. चालवणारा पोरगा तेविशीतला, रात्रभर मित्राच्या हळदीला डीजेपुढं नाचून घरी चाललेला. पोरगं नंतर म्हणत होतं की प्यायलो होतो ते रात्री, सकाळी मी एकदम नॉर्मल होतो. आणि मला वाटतं ते खोटं पण बोलत नव्हतं, त्याला खरंच तसं वाटत असणार. इथंच सगळी गोम आहे.

हिशोब साधा आहे बघा. आपल्याकडची व्हिस्की-रम ४२.८ टक्क्यांची. एका क्वार्टरमध्ये, म्हणजे १८० एमएलमध्ये, साधारण ६० ग्रॅम शुद्ध अल्कोहोल. सत्तर किलोच्या माणसाच्या रक्तात ते १०० एमएलला १२० मिलिग्रॅमच्या आसपास जातं. कायद्याची मर्यादा ३० मिलिग्रॅम. आणि शरीर ते काढतं तासाला १५ मिलिग्रॅमच्या हिशोबानं, ढोबळमानानं. लिंबू पिळा, ब्लॅक कॉफी प्या, डोक्यावर गार पाणी ओता, हा वेग वाढत नाही. म्हणजे रात्री बाराला क्वार्टर संपवली तर पहाटे पाचला पण तुम्ही मर्यादेच्या वर असू शकता आणि वरून झोप नाही. तुमचे दोन पेग जर लार्ज, म्हणजे ६० एमएलचे, असतील तर ते ८० च्या घरात जातात, एका लार्जलाच बरेच जण ३० ओलांडतात. काही झालं नाही म्हणताय ते नशीब म्हणा.

तर तो माणूस. आधी ग्रामीण रुग्णालय, तिथनं खाजगी दवाखाना, दोन दिवस आयसीयू, १ लाख ९० हजार बिल, तिसऱ्या दिवशी गेला. (आता २०२५ पासून केंद्राची कॅशलेस योजना आलीय, सात दिवसांपर्यंत दीड लाखाचा उपचार, तेव्हा नव्हती.) बिल भरायला घरच्यांनी त्याच आठवड्यात दोन म्हशी विकल्या, आणि गरजेला विकलेल्या म्हशीला काय भाव येतो ते खेड्यातल्याला सांगायला नको.

महिनाभरानं त्याची बायको आली ऑफिसला, सोबत तिचा भाऊ. साहेबांनी विचारलं उत्पन्नाचा पुरावा काय. आता शेतकऱ्याकडं कुठली सॅलरी स्लिप असणार. तिनं पिशवीतनं डेअरीचं पासबुक काढलं. तुम्ही बघितलं असेल, तारीख, सकाळ-संध्याकाळ, लिटर, फॅट, एसएनएफ, दर, रक्कम असे रकाने असतात आणि दहा दिवसांनी बिल निघतं. मी झेरॉक्सला घेताना एकेक पान उलटत होतो. रोज सकाळी सतरा, साडेसतरा, अठरा लिटर. संध्याकाळी चौदा-पंधरा. मग एका तारखेला सकाळचा रकाना मोकळा. बारा दिवस मोकळे. आणि तेराव्या दिवसानंतर त्याच पानावर खाली, साडेतीन लिटर. मी विचारलं वहिनी हे कुणी घातलं, तर म्हणाली "मीच की ओ दादा, एक गाभण हाय आन् एक आटत आलीया, बाकीच्या गेल्या." मला क्लेममध्ये जे दहा पानं लिहायचं होतं ते त्या एका पानावर होतं.

आता कोर्टाचा हिशोब कसा होतो ते सांगतो, कारण लोकांना हे माहीतच नसतं. घरचे म्हणत होते महिन्याला वीस हजार सुटायचे, न्यायाधिकरणानं, म्हणजे अपघात क्लेमच्या कोर्टानं, धरले १२ हजार. वय चाळीसच्या आत आणि स्वतःचा धंदा म्हणून पुढच्या वाढीचे ४० टक्के मिळवायचे, झाले १६,८००. वर्षाचे २,०१,६००. घरात अवलंबून चौघं, बायको, दोन पोरं, आई, म्हणून तो जगला असता तर स्वतःवर खर्च केला असता असा एक चतुर्थांश वजा, राहिले १,५१,२००. वय ३८ ला गुणक १५, म्हणजे वयावरनं ठरलेला, वर्षाच्या रकमेला कितीनं गुणायचं तो आकडा. गुणाकार केला की २२ लाख ६८ हजार. त्यात प्रत्येकाला सहवास गमावल्याचे ४० हजार, अंत्यविधीचे १५ हजार, इस्टेटच्या नुकसानीचे १५ हजार, दवाखान्याचं बिल, सगळं धरून साडेसव्वीस लाखांच्या आत-बाहेर. सुप्रीम कोर्टानं २००९ आणि २०१७ च्या निकालांत ही पद्धत घालून दिलीय, आणि ती बरीच बरी आहे कारण आधी तर अंदाधुंद होतं. पण पहिल्यांदा मी जेव्हा "गुणक १५" टाईप केलं होतं ना, तेव्हा पाणी प्यायला उठलो होतो. आता सवय झाली.

निकाल कधी लागला, तर २०२२ ला. मधे कोरोना, कोर्टं बंद, तारखा. चार वर्षं त्या बाईनं कशी काढली हे क्लेमच्या फॉर्ममध्ये विचारत नाहीत. धाकट्या पोरीला मामाच्या गावाला ठेवलं, थोरला पोरगा शाळा सुटली की वैरण आणायला जायचा. २०२१ ला वर्ल्ड बँकेचा एक अभ्यास आला होता, त्यात महाराष्ट्र पण होता, त्यात अपघात झालेल्या गरीब घरांपैकी ७५ टक्क्यांहून जास्त घरांनी उत्पन्न घटल्याचं सांगितलं होतं. मला तो आकडा वाचून नवल नाही वाटलं, उरलेली घरं कशी तगली याचं वाटलं.

आता दुसरी बाजू, जी तुमच्यासारख्याला जास्त लागू आहे, कारण आपण मरणारच नाही असं प्रत्येकाला वाटतं. पिकअप पोराच्या बापाच्या नावावर. इन्शुरन्स चालू होता, बाप निवांत होता की कंपनी भरेल. पण पोराचं लायसन्स संपलेलं आणि वरून दारू. असल्या ठिकाणी बऱ्याचदा "पे अँड रिकव्हर" असा हुकूम होतो, म्हणजे कंपनीनं आधी वारसांना पैसे द्यायचे आणि मग गाडीमालकाकडनं वसूल करायचे. २०१९ च्या दुरुस्तीनंतर तर कंपनीला बचाव म्हणून दारूचं कारण कायद्यातच लिहून दिलंय. व्याज धरून आकडा ३४ लाखांच्या आसपास गेला. बापाची जमीन अडीच एकर. सातबाऱ्यावर बोजा चढला.

तो म्हातारा एकदा आमच्या ऑफिसबाहेर बाकावर येऊन बसला होता. खरं तर आम्ही समोरच्या पार्टीचे, त्यानं यायला नको होतं. साहेब कोर्टात गेलेले. मला म्हणाला, "पाव्हणं, बोजा उतरवायला काय करावं लागंल ओ? सोसायटीचं पीककर्ज पण देईनात." मी काय सांगणार, तुमच्या वकिलाला विचारा म्हणालो. बराच वेळ बसला, चहा सांगितला तर नको म्हणाला, आणि जाताना चपला घालता घालता म्हणाला की पिकअप मीच घेऊन दिला होता, पोरगं कामाला लागंल म्हणून. त्या पोराची फौजदारी केस अजून चालूच आहे. त्याचं लग्न ठरत नाही ते वेगळंच.

स्वतःच्या गाडीचं पण तेच. पिऊन ठोकली तर गाडीचा क्लेम कंपनी नाकारू शकते. फुंकणी टेस्ट झालेलीच नाही म्हणून सुटलो असं पण नाही, २०२१ ला सुप्रीम कोर्टानं सांगितलंय की बाकीच्या पुराव्यावरनं दारू सिद्ध होत असेल तर टेस्ट नसली तरी क्लेम नाकारता येतो. मालक-चालकाचा जो १५ लाखांचा अपघात विमा असतो, त्यात पण नशेत असाल तर काही मिळत नाही. माझा मावसभाऊ गटारीच्या रात्री एकटाच बाईकवरनं घसरला, कुणाला धडकला नाही बिडकला नाही, मांडीचं हाड आणि जबडा. केसपेपरवर डॉक्टरनं एक ओळ लिहिली, तोंडाला दारूचा वास येतो. त्या एका ओळीवर मेडिक्लेम गेला. मावशीनं प्लॉट विकून ऑपरेशन केलं. आता तो चालतो पण लंगडतो, आणि ड्रायव्हरकी करायचा तो, ती सुटली.

राहिला तुमचा दोन-तीन टक्क्यांचा मुद्दा. आकडा बरोबर आहे, २०२२ ला देशात रस्त्यावर १,६८,४९१ माणसं गेली, त्यात ७० टक्क्यांहून जास्त अतिवेगाच्या खात्यात आणि दारूच्या खात्यात तेवढेच थोडे. पण हा आकडा तयार कसा होतो ते बघा की. पोलीस फॉर्ममध्ये कारण लिहितात. पिऊन ११० नं गेला तर वेग दिसतो, तो लिहिला जातो. दारू लिहायला रक्त लागतं आणि रक्त वेळेत घ्यावं लागतं. आमच्या या केसमध्ये सॅम्पल घेतलं चार तासांनी, रिपोर्ट आला सहा महिन्यांनी, तरी दारू निघाली म्हणजे मूळ किती असेल विचार करा. आणि जो पळून जातो त्याचं काय? २०२४ च्या जुलैमध्ये वरळीला बीएमडब्ल्यूनं मासे घेऊन येणाऱ्या नवरा-बायकोच्या स्कूटरला उडवलं, बाई गेली, मुख्य आरोपी दोन दिवसांनी हाती लागला, तोवर रक्तात काय सापडणार. त्याच्या दोन महिने आधी पुण्यात कल्याणीनगरला पोर्शनं दोन इंजिनिअर पोरं गेली, त्यात तर ब्लड सॅम्पलच बदलल्याच्या आरोपाखाली ससून रुग्णालयाच्या डॉक्टरांना अटक झाली. लोकांना त्या अल्पवयीन आरोपीला जामीन देताना सांगितलेला ३०० शब्दांचा निबंध लक्षात राहिला, मला ते सॅम्पल लक्षात राहिलं, कारण आमच्या धंद्यात सॅम्पल गेलं की केस गेली. तेव्हा २-३ टक्के म्हणजे दारू सिद्ध झालेले टक्के समजा.

आणि कायद्यात जरब आहे का, तर २००६ ला बांद्र्याला कार्टर रोडवर फुटपाथजवळ झोपलेले सात मजूर एका गाडीखाली गेले होते, चालवणाऱ्याच्या रक्तात मर्यादेच्या तिपटीहून जास्त दारू. खालच्या कोर्टानं दिले सहा महिने. हायकोर्टानं तीन वर्षं केले, सुप्रीम कोर्टानं २०१२ ला ते कायम ठेवले. सात माणसं, तीन वर्षं. त्यामुळं जेलची भीती धरा असं मी तुम्हाला म्हणणार नाही, सातबाऱ्याची धरा.

तुम्ही विचारलंत खरंच एवढं नुकसान होतं का, म्हणून एक शेवटचं. पोरांच्या वाट्याचे पैसे कोर्ट हातात देत नाही, ती अठराची होईपर्यंत राष्ट्रीयीकृत बँकेत एफडी करायला लावतं. त्या दूधवाल्याचा थोरला यंदा अठराचा झाला. एफडी मोडायच्या अर्जावर सही करायला आला होता, बापासारखाच उंच झालाय असं त्याची आई म्हणाली. सही झाल्यावर बाहेर गेला आणि परत आत आला. म्हणाला, काका, ते डेअरीचं पासबुक मिळंल का परत, ओरिजिनल. ते निशाणी, म्हणजे पुराव्याचा नंबर, पडून कोर्टाच्या रेकॉर्डला लागलेलं असतं. परत मिळण्यासाठी अर्ज दिलाय, अजून आलेलं नाही.