जादूच्या चिन्हांची वर्गवारी लावताना
अरे तू तुझ्या गोष्टीतली जादूची चिन्हं शक्तीनुसार लावतोयस ना, आग, पाणी, शाप वगैरे, तिथेच अडकशील, कारण गोष्ट पुढे सरकली की चिन्हाची शक्ती बदलते आणि अख्खी यादी परत लिहावी लागते, माझं तीनदा झालंय. त्यापेक्षा इजिप्तचा अभ्यासक अ‍ॅलन गार्डिनर याने १९२७ साली इजिप्शियन चित्रलिपीची यादी कशी लावली ते बघ, अर्थ बाजूला ठेवून चित्र कशाचं दिसतं तेवढंच धरलं. पक्षी 'जी' (G) या अक्षराच्या गटात, घुबड म्हणजे जी१७. अंख, म्हणजे वर फास असलेला क्रॉस, जीवनाचं एवढं पवित्र चिन्ह, पण ते एस३४, मुकुट-कपडे-काठ्यांच्या गटात! मला ही शिस्त जाम आवडते. आणि कशाचं चित्र आहे तेच कळत नाही अशांसाठी एक गट ठेवच, त्याच्याकडेही होता, एए नावाचा.