वाचकांचे प्रश्न : स्वमग्न मुलाला दुसऱ्याच्या मनातले कळते का?

प्रश्न : माझा मुलगा अकरा वर्षांचा आहे. तो स्वमग्न (ऑटिस्टिक) असल्याचे निदान लहानपणीच नागपूरला झाले. तो बोलतो, वाचतो, गणितही चांगले करतो. गेल्या हंगामात खेडा खरेदीचा, म्हणजे गावात येऊन माल घेणारा, व्यापारी कापूस पाहायला घरी आला होता. भाव ठरत असतानाच मुलाने सर्वांसमक्ष सांगितले, की गंजीतला खालचा कापूस ओला आहे असे बाबा म्हणत होते. त्यापायी त्याने वडिलांचा मार खाल्ला. तान्ह्या पोळ्याला गल्लीतल्या मुलांनी ‘दुप्पट करून देतो’ असे सांगून त्याचा सगळा बोजारा (सणाला मुलांना मिळणारे पैसे) काढून घेतला आणि याने तो आनंदाने दिला. आजी ओट्यावरून घसरून पडल्या तेव्हा सगळे धावले, हा जागचा हलला नाही. मात्र पुढे कितीतरी दिवस ओट्यावर तो कोणाला पाणी सांडू देत नव्हता. शाळेतले सर म्हणतात, अशा मुलांना दुसऱ्याला मन असते हेच कळत नाही. हे खरे आहे का? मोठेपणी त्याला समजू लागेल का?
– एक आई, दारव्हा तालुका, जि. यवतमाळ

उत्तर : सरांचे म्हणणे एका खऱ्या संशोधनाच्या आधारानेच पसरलेले आहे, परंतु त्या संशोधनाने जेवढे दाखवले, त्याहून फार मोठे विधान लोकांनी त्यातून काढले. १९८५ साली सायमन बॅरन-कोहेन, ॲलन लेस्ली आणि उटा फ्रिथ यांनी लंडनमध्ये मुलांना दोन बाहुल्यांचा एक प्रसंग दाखवला. पहिली बाहुली आपली गोटी टोपलीत ठेवून बाहेर जाते, तिच्यामागे दुसरी बाहुली ती गोटी काढून डब्यात ठेवते, आणि मग पहिली परत येते. ती गोटी कुठे शोधेल, एवढाच प्रश्न होता. गोटी डब्यात आहे हे मुलाला ठाऊक असते, पण बाहुलीला ते ठाऊक नाही, हे ध्यानात धरले तरच ‘टोपलीत’ हे उत्तर येते. सर्वसाधारण २७ लहान मुलांपैकी २३ जणांनी आणि डाउन सिंड्रोम असलेल्या १४ मुलांपैकी १२ जणांनी ते बरोबर दिले. २० स्वमग्न मुलांपैकी मात्र १६ जण चुकले.

या आकड्यांतले जे चार स्वमग्न मुलगे-मुली बरोबर होते, त्यांचा विसर पडला. पुढे १९९५ साली फ्रान्चेस्का हॅपे यांनी अशा चाचण्यांचे निकाल भाषेच्या समजेशी ताडून पाहिले, तेव्हा इतर मुलांना जे साधारण चार वर्षांच्या मुलाच्या भाषासमजेवर जमू लागते, ते स्वमग्न मुलांना साधारण नऊ वर्षांच्या पातळीला जमू लागते, असे दिसले. म्हणजे हे कधीच येत नाही असे नव्हे. ते उशिरा येते आणि भाषेच्या आधाराने येते. त्याच वर्षी कॅन्डिडा पीटरसन आणि मायकेल सीगल यांनी ऑस्ट्रेलियात कर्णबधिर मुलांची अशीच चाचणी घेतली असता, त्यांतलीही बहुसंख्य मुले चुकली. ती मुले स्वमग्न नव्हती. मनातल्या गोष्टींविषयीचे घरातले बोलणे त्यांच्यापर्यंत पोहोचतच नव्हते, हे त्याचे एक पटणारे कारण मानले जाते. मला हा निष्कर्ष आपल्यासारख्या पालकांसाठी फार मोलाचा वाटतो. ‘आजी गप्प आहेत, कारण त्यांना वाटते की तू जेवला नाहीस’ अशी वाक्ये घरात कारणासह, मोठ्याने आणि वारंवार बोलली जावीत, ती त्यासाठीच.

आता कापसाच्या प्रसंगाकडे येतो, कारण त्यात बरेच काही दडलेले आहे. आपला मुलगा जे बोलला, त्याची किमान तीन कारणे संभवतात. वडिलांना जे ठाऊक आहे ते व्यापाऱ्याला ठाऊक नाही, हे त्याच्या लक्षात आले नसेल. किंवा ते नीट लक्षात आले असेल आणि म्हणूनच, न कळलेले सांगून टाकावे, असे त्याला वाटले असेल. किंवा हे घरातच ठेवायचे आहे, ही न बोललेली सूचना त्याच्यापर्यंत पोहोचली नसेल. यांतल्या पहिल्याच शक्यतेला ‘मन न कळणे’ म्हणता येईल. दुसरी तर मन अचूक कळल्याची खूण आहे. तेव्हा खरे कारण कोणते, हे त्याला शांतपणे विचारल्याशिवाय आपण कोणीच सांगू शकत नाही, आणि मारल्यावर तर तो सांगणारही नाही. वडिलांना माझी कळकळीची विनंती आहे, की त्यांनी यापुढे मार देऊ नये. व्यवहाराच्या वेळी काय बोलायचे नाही आणि का, हे व्यापारी दारात येण्याआधी सरळ शब्दांत सांगावे. मला मात्र ओल्या कापसाची गोष्ट उघड झाली यात मुलाचा दोष दिसत नाही.

बोजाऱ्याचे प्रकरण अधिक काळजीचे आहे. फसवणूक ओळखण्यासाठी, समोरच्याला स्वतःला खोटे ठाऊक असूनही मला ते खरे वाटावे अशी त्याची इच्छा आहे, असा दुहेरी विचार क्षणात करावा लागतो. स्वमग्न व्यक्तींना हा विचार करता येत नाही असे नाही, पण बोलता-बोलता तो आपोआप होईलच असे नसते. २००९ साली आत्सुशी सेंजू आणि सहकाऱ्यांनी ॲस्पर्जर (स्वमग्नतेचाच एक प्रकार) असे निदान असलेल्या प्रौढांची नजर नोंदवली. शब्दांत विचारल्यावर या प्रौढांनी बरोबर उत्तरे दिली. परंतु काहीही न विचारता बाहुलीच्या गोटीसारखाच प्रसंग नुसता दाखवला, तेव्हा पात्र वस्तू कुठे शोधेल याच्या अंदाजाने त्यांची नजर त्या बाजूला आधीच वळली नाही. म्हणून चेहरा पाहून ओळख, असे त्याला सांगण्यापेक्षा पक्का नियम द्यावा : पैसे किंवा वस्तू मागणारा कोणीही असो, आधी आईला विचारायचे. शिवाय ज्या मुलांनी पैसे घेतले त्यांच्या घरी जाऊन ते परत मागावेत. फसवणाऱ्यांना मोकळे सोडून, फसलेल्यालाच मन ओळखायला शिकवत बसणे न्यायाचे नाही.

आजींच्या प्रसंगात तर मन न कळलेला माणूस आपला मुलगा नव्हे, असे मला वाटते. दुसऱ्याला काय वाटते याचा अंदाज येणे आणि त्याच्याविषयी माया असणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आरडाओरड्यात, धावपळीत तो जागीच थिजला असावा. पण आजी पुन्हा पडू नयेत म्हणून त्याने ओटा राखला. हे कोणी मायेत मोजले नाही, कारण इतरांची माया तशी दिसत नाही. डेमियन मिल्टन या स्वतः स्वमग्न असलेल्या ब्रिटिश अभ्यासकाने २०१२ साली हाच मुद्दा मांडला : न समजणे दोन्ही बाजूंनी असते, मात्र कमतरता एकाच बाजूच्या नावे लिहिली जाते. या मांडणीचे सगळेच तपशील प्रयोगांत टिकले आहेत असे नाही. २०२० मध्ये कॅथरीन क्रॉम्प्टन यांच्या गटाने माणसांची साखळी करून एकाकडून दुसऱ्याकडे गोष्ट पोहोचवण्याचा प्रयोग केला. त्यात स्वमग्न माणसांनी एकमेकांना ती इतरांइतकीच नीट सांगितली आणि स्वमग्न व इतर माणसांच्या मिश्र साखळीत अधिक तपशील गळले. पण त्याच गटाच्या २०२५ मधील मोठ्या प्रयोगात मिश्र साखळीतली ती घसरण दिसली नाही. स्वमग्न माणसे आपापसांत माहिती नीट पोहोचवतात, हे दोन्ही वेळा दिसले. नोआ सॅसन यांच्या २०१७ मधील अभ्यासात, लोकांनी स्वमग्न व्यक्तींविषयी काही क्षणांच्या चित्रफितीवरूनच प्रतिकूल मत बनवले. तेच बोलणे केवळ लिहून दिले, तेव्हा तो फरक उरला नाही.

मोठेपणी बरेच समजू लागेल, असे मी विश्वासाने सांगू शकतो. ते विचार करून, वेळ घेऊन समजेल आणि त्यात तो थकेल, म्हणून लग्नकार्यासारख्या गर्दीनंतर त्याला एकटे बसू द्यावे. सरांना हे उत्तर जरूर दाखवावे आणि एवढेच मागावे, की वर्गात त्याला सूचना देताना ती पूर्ण वाक्यात आणि कारणासह द्यावी, आणि तो चुकल्यास शिक्षेआधी ‘तुला काय वाटले होते?’ असे विचारून उत्तरासाठी थांबावे.