२०० एएच बॅटरी मोठी की १०० एएच?

प्रश्न : सांगलीत गावभागात राहतो, खाली दूध-आईस्क्रीमचं दुकान आणि वर घर. गच्चीवर ३ किलोवॅटचं सोलर बसवलंय, पण लाईट गेली की सोलर पण बंद, मग एवढं केलंस कशाला असं आई रोज ऐकवते. आता बॅटरी घ्यायचीय. एकजण २०० एएच लिथियम ५५,००० ला देतोय, दुसरा १०० एएच लिथियम १,०५,००० ला आणि तिसरा म्हणतो चार ट्युब्युलर (पाणी टाकायच्या लेड-ॲसिड बॅटऱ्या) घ्या, ६०,००० त काम होतंय. २०० वाली निम्म्या किमतीत मिळतीय म्हणजे तीच घेऊ ना?
– एक वाचक

उत्तर : थांबा, ॲडव्हान्स देऊ नका. व्होल्ट किती ते विचारलंत का? नुसत्या एएचवरून (अँपिअर-अवर) बॅटरीत वीज किती ते कळत नाही, त्याला व्होल्टनं गुणावं लागतं. २०० एएच वाली त्या किमतीत १२.८ व्होल्टचीच असणार. १२.८ गुणिले २०० म्हणजे २,५६० वॅट-अवर, अडीच युनिट. १०० एएच वाली ५१.२ व्होल्टची असेल (तेवढं विचारून घ्या) तर ५,१२०, म्हणजे पाच युनिट. म्हणजे तुमची स्वस्तातली युनिटमागं साधारण २१,५०० ला पडतीय आणि महागडी २०,५०० ला! कोटेशनवर एएच ठळक छापतात अन् व्होल्ट बारीक अक्षरात, त्यात वर १८ टक्के जीएसटी धरलाय का तेही बघा.

आता तुम्हाला लागतं किती? फ्रीझर, तीन-चार पंखे, दिवे, वायफाय मिळून ६०० वॅट धरले तर चार तासाला २.४ युनिट, म्हणजे अडीचवाली तळाला जाणार. शिवाय फ्रीझरचा कॉम्प्रेसर सुरू होताना क्षणभर कितीतरी पट करंट ओढतो, इन्व्हर्टर किरकोळ असला की ट्रिप, मग आईस्क्रीमचं काय होतं ते तुम्हाला मी काय सांगू.

ट्युब्युलरला नावं ठेवणार नाही, १५० एएचच्या चार म्हणजे ७.२ युनिट, पण त्यातली निम्मीच वीज वापरायची नाहीतर बॅटऱ्या लवकर बसतात. पाणी टाकत राहायचं, बंद खोलीत ठेवायच्या नाहीत आणि चार-पाच वर्षांनी परत खर्च. हां, जुन्या झाल्या की भंगारात पैसे येतात. हातात आत्ता ६०,००० च असतील तर कर्ज काढून लिथियम घेऊ नका.

सोलर बंद पडतं तो दोष नाही. लाईट गेली असताना तुमची वीज लाईनीत गेली तर पोलवर चढलेल्या वायरमनला झटका बसेल, म्हणून ऑन-ग्रिड (लाईनीला जोडलेला) इन्व्हर्टर आपोआप थांबतो. म्हणजे नुसती बॅटरी आणून भागत नाही, हायब्रिड इन्व्हर्टर (सोलर, बॅटरी आणि लाईन तिन्ही सांभाळणारा) लागेल, तो खर्च तिघांनी धरलाय का? ३ किलोवॅटला मिळालेली ७८,००० ची सबसिडी पॅनलची, बॅटरीला वेगळी नाही.

पुरवठादार निवडताना मी दर शेवटी विचारतो. आमच्या मेव्हण्यानं ऑनलाईन स्वस्तात लिथियम घेतली, आठ महिन्यात बीएमएस (बॅटरी सांभाळणारं आतलं सर्किट) गेला, कंपनी म्हणाली पाठवून द्या आणि कुरियरवाले लिथियम म्हटल्यावर हात लावेनात, तीन महिने ती कोपऱ्यात पडून होती. म्हणून माणूस सांगली-मिरजेतला आहे का, बिलावर सिरीयल नंबर आहे का, वॉरंटीत वर्षं आणि सायकल (चार्ज-डिस्चार्जच्या फेऱ्या) दोन्ही लिहिलेत का (जे आधी भरेल तिथं वॉरंटी संपते) आणि न्यायचा-आणायचा खर्च कुणाचा, एवढं लेखी घ्या. सेल एलएफपीच (लिथियम आयर्न फॉस्फेट) हवेत. त्यानं दोन-तीन वर्षांपूर्वी बसवलेल्या एखाद्या गिऱ्हाईकाकडं जाऊन बघून या, चहा पण मिळतो.

आणि काही झालं तरी दुकानात खाली ठेवू नका हो. २०१९ ला कृष्णा आयर्विन पुलाजवळ ५७ फुटांच्या वर गेली तेव्हा आमच्या खालच्या खोलीतला इन्व्हर्टर बॅटरीसकट बुडाला होता, आणि बुडालेली लिथियम परत चार्जिंगला लावणं म्हणजे आगीशी खेळ. वर न्या, पत्र्याखाली नको, सावलीत. पाच युनिटवाली पंचेचाळीस-पन्नास किलोची असते, गावभागातले जिने बघता आधी जिन्याचं माप घ्या.